रविवारचा रस्सा

रविवारी सकाळी अकराच्या सुमारास कोल्हापुरातल्या कुठल्याही गल्लीतून चालत जा. कुणाच्या घरी आज काय शिजतंय, हे दार न वाजवता कळतं. एका खिडकीतून खोबरं भाजल्याचा वास येतो, दुसरीतून लसणाच्या फोडणीचा. १९८७ साली लग्न होऊन मी या गावात आले, तेव्हा असा वास आला की पदर नाकाला लावत असे. आज नुसत्या वासावरून सांगू शकते की रस्सा कुठवर आलाय आणि कांदा कच्चा राहिलाय की नाही. हे कसं झालं ते सांगते, आणि त्यासोबत आमच्या घरचा कोंबडीचा रस्साही.

माझं माहेर पूर्ण शाकाहारी. आमच्याकडे अंडंसुद्धा घरात येत नसे. सासरी मात्र रविवार म्हटला की रस्सा ठरलेला. लग्नानंतरच्या पहिल्याच रविवारी माझ्या पोटात गोळा आला होता. सासूबाईंनी तो ओळखला असावा. म्हणाल्या, "तू वाटण कर आणि भाकऱ्या थाप. बाकीचं माझं मी बघते."

वाटणात कांदा, खोबरं, लसूण. त्यात मला अडचण नव्हती. कोंबडी धुण्यापासून ती शिजेपर्यंतचं सगळं त्या एकट्या करत, आणि तेही परसदारच्या शेगडीवर. त्या वेळी रविवारी सकाळी दूरदर्शनवर 'रामायण' मालिका लागत असे. सासूबाईंचा नियम असा, की मालिका संपून टीव्हीसमोरची उदबत्ती विझेपर्यंत कोंबडीचं पातेलं शेगडीवर चढणार नाही. मुलं भुकेनं कळवळायची, पण नियम मोडला नाही.

अशी सतरा वर्षं गेली. "आता तू शीक," असं त्या कधी म्हणाल्या नाहीत, आणि मीही कधी विचारलं नाही.

अर्धी भाकरी

२००४ सालच्या उन्हाळ्यात सासूबाई गेल्या. आजार थोड्या दिवसांचाच झाला. घरातली माणसं हळूहळू आपापल्या कामाला लागली, पण मामंजींचं जेवण सुटलं ते सुटलंच. ताटावर बसायचे, अर्धी भाकरी मोडायचे आणि हात धुवायचे. पूर्वी अंगात नीट बसणारे सदरे खांद्यावरून ओघळायला लागले. डॉक्टरांनी सगळ्या तपासण्या केल्या. काही निघालं नाही. "त्यांना जे आवडतं ते खायला घाला," एवढंच ते म्हणाले.

दिवाळी झाल्यावर यांच्या मावशी चार दिवस राहायला आल्या. त्यांनी मामंजींचं ताट पाहिलं आणि मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "रविवारचा रस्सा बंद आहे ना घरात? ताई असती तर तिला हे खपलं नसतं. वर्षभर पाळत बसू नका. कर काहीतरी."

आता करायचं कुणी? यांना चहापलीकडे काही येत नव्हतं. मुलगा दहावीत, मुलगी त्याच्याहून लहान. राहिले मी.

त्या रविवारी यांनी कोंबडी आणून दिली. श्वास रोखून मी ती धुतली. एका पुस्तकात पाहून सगळं माप घेतलं. कोल्हापूरच्या माणसाला झणझणीतच हवं, असं धरून कांदा-लसूण मसाला वर आणखी दोन चमचे घातला. रंग असा लालभडक आला की मुलं टाळ्या वाजवायला लागली. मामंजींनी दोन घास खाल्ले, "चांगला झालाय हो," म्हणाले, आणि अर्धी भाकरी ताटात ठेवून उठले.

माझं तोंड उतरलं. आवडला नाही म्हणाले असते तर बरं वाटलं असतं.

स्टुलावरचे गुरुजी

पुढच्या रविवारी मी धीर केला. स्वयंपाकघरात एक स्टूल ठेवलं आणि मामंजींना म्हटलं, "आई कसा करायच्या ते तुम्ही सांगा. मला येत नाही आणि मी चवही बघू शकत नाही. चव तुम्हीच बघायची."

आयुष्यभर शाळेत शिकवलेले मामंजी. स्वयंपाकघरात कधी उभे राहिले नव्हते. "मला काय माहीत बाई," असं पुटपुटत बसले. पण मी कांदा परतायला घेतला आणि वाटणासाठी गॅस बंद करणार, एवढ्यात म्हणाले, "थांब. कांद्याचा वास अजून ओला आहे. ती करायची तेव्हा असा येत नसे."

मी आणखी दहा मिनिटं परतला. वास बदलला. गोडसर, खमंग झाला. "हां, आता," ते म्हणाले.

चाळीस-पंचेचाळीस वर्षं हा माणूस परसदारी वर्तमानपत्र घेऊन बसत होता. पाककृती त्यांना येत नव्हती, पण तिच्यातला प्रत्येक वास आणि आवाज त्यांच्या लक्षात होता. मी गार पाण्याचा तांब्या उचलला, तर म्हणाले, "गार नको. गार ओतलं की पातेल्याचा आवाज बंद पडतो. तिच्या पातेल्याचा आवाज कधी बंद पडत नसे." मग मला आठवलं, सासूबाई पातेल्यावर ताट झाकून त्या ताटात पाणी ठेवत आणि तेच तापलेलं पाणी आत ओतत.

कोंबडी शिजत आली तसे ते म्हणाले, "आता मसाला घालायच्या आधी दोन वाट्या अळणी काढ."

"मुलं आता मोठी झाली, तिखट खातात," मी म्हटलं.

ते जरा घुटमळले. मग खालच्या आवाजात म्हणाले, "मुलांसाठी नाही. माझ्यासाठी. मला पित्ताचा त्रास आहे, वीस वर्षं झाली. तिखट सोसत नाही. ती माझ्या वाटीत निम्मं अळणी घालायची आणि वर तांबडी तर्री सोडायची. पंगतीत कुणाला कळत नसे. कोल्हापूरचा माणूस आणि तिखट खात नाही, हे कुठं सांगायचं?"

मी हातातला डाव तसाच धरून उभी राहिले. सतरा वर्षं मी त्याच ओट्याशी भाकऱ्या थापत होते आणि मला हे दिसलं नव्हतं. मागच्या रविवारी त्यांच्यासाठी म्हणून मी आणखी दोन चमचे मसाला ओतला होता!

त्या दिवशी त्यांची वाटी सासूबाईंसारखी भरली. त्यांनी आधी चमच्यानं चव घेऊन सांगितलं, "मीठ चिमूटभर लागेल." मग दीड भाकरी खाल्ली, वर थोडा भात घेतला. हात धुताना म्हणाले, "पुढच्या वेळी वाटणात तीळ जरा कमी घाल."

त्यांनी नाव ठेवलं, याचा मला इतका आनंद पूर्वी कधी झाला नव्हता.

आमच्या घरचा रस्सा

चार ते पाच माणसांसाठी हे प्रमाण पुरतं.

साहित्य : हाडांसकट कोंबडीचे मध्यम तुकडे १ किलो, हळद १ चहाचा चमचा, आलं-लसूण-कोथिंबिरीचं वाटण २ मोठे चमचे, मध्यम कांदे ४, तेल ५ मोठे चमचे, कांदा-लसूण मसाला २ मोठे चमचे, चवीप्रमाणे मीठ, गरम पाणी साधारण दीड लिटर.

वाटणासाठी : किसलेलं सुकं खोबरं अर्धी वाटी, तीळ १ मोठा चमचा, खसखस १ मोठा चमचा, लसूण ८-१० पाकळ्या, आलं १ इंच, कोथिंबीर मूठभर, धणे १ मोठा चमचा, जिरे अर्धा चहाचा चमचा, मिरी ६, लवंगा ४, दालचिनी १ इंच, दगडफूल चिमूटभर.

कृती : तुकड्यांना हळद, मीठ आणि आलं-लसणाचं वाटण चोळून अर्धा तास ठेवा. एक कांदा बारीक चिरा. पातेल्यात दोन चमचे तेल तापवून तो मऊ परता. त्यात तुकडे घालून मोठ्या आचेवर पाचेक मिनिटं परता. वरचा कच्चा रंग गेला की आच कमी करा, ताट झाका आणि ताटात पाणी ठेवा. कोंबडीला स्वतःचं पाणी सुटतं. दहा मिनिटांनी ताटातलं तापलेलं पाणी आणि लागेल तसं आणखी गरम पाणी घालून पंधरा मिनिटं मंद शिजू द्या.

आता दोन वाट्या रस आणि दोन-तीन मऊ तुकडे बाजूला काढा. हेच अळणी. नाव अळणी असलं तरी यात मीठ असतं, नसतं ते तिखट. लहान मुलांना मऊ भातात कालवून द्या. तापातून उठलेल्या माणसाला मिरपूड आणि लिंबाचे चार थेंब घालून गरम गरम प्यायला द्या.

कोंबडी शिजते तोवर वाटण होतं. तीळ, खसखस आणि खडा मसाला कोरडा, मंद आचेवर वेगवेगळा भाजा. खोबरं बदामी होईपर्यंत भाजून लगेच ताटलीत काढा, नाहीतर कढईच्या उष्णतेनं ते करपतं. उरलेले तीन कांदे उभे पातळ चिरून एक चमचा तेलावर तपकिरी होईपर्यंत परता. सगळं गार झाल्यावर आलं, लसूण, कोथिंबीर घालून अगदी कमी पाण्यात गंधासारखं वाटा.

दुसऱ्या पातेल्यात उरलेलं तेल तापवून वाटण घाला आणि कडेनं तेल सुटेपर्यंत सात-आठ मिनिटं परता. आच अगदी मंद करून कांदा-लसूण मसाला घाला, अर्धा मिनिट हलवा आणि लगेच कोंबडीचा गरम रस डावानं थोडा थोडा ओता. मग तुकडे सोडा, मीठ बघा, दहा मिनिटं उकळू द्या. गॅस बंद केल्यावर पंधरा मिनिटं हात लावू नका. तेवढ्यात तर्री वर येते आणि तुकड्यांत मीठ-मसाला मुरतो.

सोबत ज्वारीची भाकरी, भात, कांदा आणि लिंबू. आणखी काही लागत नाही.

कुठे बिघडतं?

पहिली चूक कांद्याची. कांद्यात पाणी पुष्कळ असतं. ते आटल्याशिवाय कांद्यातल्या साखरेला रंग चढत नाही आणि खमंगपणा येत नाही. घाईत अर्धवट परतलेला कांदा वाटला तर रस्सा उग्र आणि किंचित कडवट लागतो. मग तो झाकायला आपण आणखी मसाला घालतो. मध्यम आचेवर पंधरा-वीस मिनिटं द्यायची तयारी ठेवा.

दुसरी चूक मिक्सरमध्ये जास्त पाणी घालण्याची. पातळ वाटण तेलात परतलं जात नाही, नुसतं उकळतं. पाट्यावरचं वाटण चांगलं लागायचं याचं एक कारण हेच, की त्यात पाणी कमी असायचं.

तिसरी, बिनहाडाचे तुकडे घेण्याची. मुलांना सोपे पडतात म्हणून आपण ते आणतो, पण रसाला अंग येतं ते हाडांमुळे. निम्मे तरी हाडांचे घ्या. दुकानात जिवंत कोंबडी वजन करून घेणार असाल, तर साफ केल्यावर साधारण दोन तृतीयांश वजन हाती येतं, हे हिशेबात धरा.

चौथी, ब्रॉयलर आणि गावरान एकाच मापानं शिजवण्याची. ब्रॉयलर कोंबडी सहा आठवड्यांच्या आसपासची असते. वर दिलेल्या वेळात ती मऊ होते, जास्त उकळलीत तर तिचे दोरे सुटतात. गावरान कोंबडीचं मांस घट्ट असतं. तिला पातेल्यात तास-सव्वा तास लागतो, कुकरमध्ये चार-पाच शिट्ट्या. तिला वेळ लागतो, पण रसही तसाच दाट चवीचा येतो.

आणखी एक गोष्ट, जी सासूबाईंच्या काळी कुणी सांगत नसे. कच्ची कोंबडी वाहत्या नळाखाली धुतली की तिच्यावरचे जंतू शिंतोड्यांबरोबर ओट्यावर आणि भांड्यांवर उडतात. धुणं गरजेचं नाही, कारण नीट शिजवल्यानं जंतू मरतात. धुतल्याशिवाय चैनच पडत नसेल तर खोल पातेल्यात पाणी घेऊन अलगद धुवा, ते पाणी सांभाळून ओता, मग मोरी आणि हात साबणानं स्वच्छ करा. कोशिंबिरीची सुरी आणि पाट वेगळा ठेवा. उरलेला रस्सा दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जायला हवा, आणि दुसऱ्या दिवशी नुसता कोमट न करता खळखळून उकळायला हवा.

महाराष्ट्राबाहेरच्या मैत्रिणींना कांदा-लसूण मसाला सहज मिळत नाही. त्यांनी दीड मोठा चमचा बेडगी किंवा काश्मिरी मिरचीची पूड, एक चहाचा चमचा धणेपूड, अर्धा चमचा गरम मसाला घ्यावा आणि वाटणात चार-पाच तळलेल्या लसूण पाकळ्या जास्त घालाव्यात. अगदी तसा नाही, पण जवळचा रस्सा होतो.

घरोघरचा रस्सा

हीच कोंबडी कोकणात गेली की ओल्या नारळाच्या वाटणात शिजते आणि तिच्यासोबत तांदूळ-उडदाच्या पिठाचे वडे येतात. गोव्यात खोबरं, खसखस आणि खडा मसाला भाजून शागुती होते. खानदेशात कांदा-खोबरं काळं होईपर्यंत भाजतात, तर नागपूरच्या सावजी रश्शाचा तिखटपणा खाणाऱ्याच्या डोळ्यांतून पाणी काढतो. बंगालमध्ये रविवारच्या पातळ रश्शात मोहरीचं तेल आणि बटाट्याच्या मोठ्या फोडी असतात. तमिळनाडूत चेट्टिनाड भागात मिरी आणि कढीपत्ता पुढे असतो.

सगळीकडे एक गोष्ट मात्र सारखी. घरच्या पातेल्यात मांस थोडं आणि रस जास्त. एका कोंबडीत दहा माणसं जेवायची, अशी घरं आपल्यापैकी अनेकींनी पाहिली आहेत. त्यातही आजारी, म्हातारं, लहान कुणाला काय सोसतं, ते पातेल्याशी उभ्या असलेल्या बाईला ठाऊक असायचं. ते कुठल्याच पुस्तकात लिहिलेलं नसतं. आमच्या सासूबाईंनी दोन माणसांसाठी ते सांभाळलं. तिखट न सोसणाऱ्या नवऱ्यासाठी, आणि कोंबडीला हात न लावणाऱ्या सुनेसाठी. एकाची वाटी भरताना आणि दुसरीला भाकरी थापायला बसवताना त्या काही बोलल्या नाहीत, म्हणून दोघांचाही मान राहिला.

मामंजी त्यानंतर नऊ वर्षं होते. बहुतेक रविवारी ते स्टुलावर बसत. २००६-०७ नंतर सूचना कमी झाल्या, पण मीठ तेच बघत. ते गेल्यावर मिठाची चव हे बघू लागले आणि हळूहळू कांदाही परतायला शिकले. मी आजही कोंबडी खात नाही. माझ्यासाठी त्याच वाटणातून चार चमचे आधीच काढून ठेवते आणि त्यात बटाटा-वाटाण्याचा रस्सा करते. सगळे एका पंगतीत जेवतो.

मुलगी आता नोकरीसाठी बंगळुरूला असते. मागच्या महिन्यात रविवारी तिचा फोन आला. मैत्रिणींना जेवायला बोलावलं होतं आणि पहिल्यांदाच स्वतः रस्सा करत होती. मागून पातेल्याचा आवाज येत होता.

"आई, कांदा-लसूण मसाला किती घालू गं?"

मी म्हटलं, "ते नंतर. आधी सांग, जेवायला कोण कोण आहे?"

ती मोजायला लागली. एक कोलकात्याची, तिला तिखट चालतं. एक केरळची, तीही खाते. आणि एक नवीन आलेली मुलगी, गेले दोन दिवस तापानं झोपून आहे, तिला काही जातच नाही.

"मग मसाला घालायच्या आधी दोन वाट्या अळणी काढ," मी म्हटलं. "आणि तिला आधी दे."